शेअर बाजार पडला की घरातल्या पैशाचं काय होतं? वाचकांचे प्रश्न आणि माझी उत्तरं

बाजार सलग तीन-चार दिवस लाल दिसला की माझा फोन वाजायला लागतो आणि सकाळी फिरायला बाहेर पडलं तरी कोपऱ्यावर कुणीतरी गाठतंच. प्रश्न बहुतेक वेळा तेच असतात आणि त्यातला अर्धा गोंधळ कुणीतरी कट्ट्यावर सांगितलेल्या किंवा व्हॉट्सॲपवर आलेल्या अर्धवट माहितीतून झालेला असतो, म्हणून एकदा सगळं लिहूनच टाकतोय. मी बत्तीस वर्षं बँकेत काढली, बेळगाव, निपाणी, खानापूर, संकेश्वर असं फिरत, त्यातली बरीचशी कर्ज खात्यात. कुठला फंड घ्या, कुठला शेअर घ्या हे मी सांगत नाही, ते सेबीकडं (शेअर बाजारावर देखरेख ठेवणारी सरकारी संस्था) नोंदणी असलेल्या सल्लागाराचं काम आणि त्याची फी द्यायला कुणी कचरू नये. वाचकांची नावं काढलीत, गावं तेवढी ठेवलीत.

वडगाव: बाजार इतका पडला, माझी सरकारी बँकेतली एफडी पण कमी झाली का?

नाही. ठरलेलं व्याज आणि मुद्दल मुदतीला मिळणार.

मच्छे: मी फाउंड्रीत मोल्डिंगला आहे. आमच्यात कुणाकडं एक शेअर नाही. तरी अमेरिकेत काही झालं की आमचा ओव्हरटाइम बंद आणि कंत्राटी पोरं घरी. हे कसं काय होतं?

फार बरोबर जागी बोट ठेवलंत, कारण लोकांना वाटतं शेअर नाहीत म्हणजे आपला काही संबंध नाही.

2008 चं उदाहरण घेऊ. त्या वर्षी जानेवारीत सेन्सेक्स 21 हजाराला शिवून आला होता. 15 सप्टेंबरला अमेरिकेत लेहमन ब्रदर्स दिवाळखोरीत गेली आणि ऑक्टोबर संपता संपता आपला सेन्सेक्स साडेआठ हजारावर आला. टीव्हीवर एवढंच दाखवत होते. खरी गोष्ट अशी की तिकडच्या बँकांनी एकमेकांना एका रात्रीसाठीसुद्धा पैसे द्यायचं बंद केलं, कारण कुणाच्या पोटात किती बुडीत कर्ज आहे ते कुणालाच माहीत नव्हतं. पैसा आटला की परदेशातला खरेदीदार आधी गोडाऊनमधला माल संपवतो आणि नवीन ऑर्डर पुढं ढकलतो, इकडं ट्रक घेणाऱ्याला फायनान्स मिळत नाही म्हणून ट्रक खपत नाहीत, ट्रक खपले नाहीत की कंपनी बनवत नाही आणि कंपनीनं बनवले नाहीत की उद्यमबागेतल्या कारखान्यांचं कास्टिंग, म्हणजे ओतीव लोखंडाचे भाग, कुणाला पायजे? मी तेव्हा कारखान्यांची कॅश क्रेडिट खाती, म्हणजे रोजच्या धंद्यासाठी ठराविक लिमिटपर्यंत दिलेली कर्जं, बघत होतो. त्या दिवाळीनंतर स्टॉक स्टेटमेंट (माल आणि येणी किती त्याचा तक्ता) हातात आलं की कळायचं, तयार माल पडून, येणी नव्वद दिवसांच्या वर गेलेली, लिमिट पूर्ण वापरलेली आणि पिग आयर्न, भंगार, कोक मात्र उधारीवर आणलेला. मालक काय करणार, वीज बिल आणि बँकेचं व्याज टळत नाही, मग पहिला ओव्हरटाइम जातो, त्याच्यामागनं कंत्राटी माणूस जातो.

रिझर्व्ह बँकेनं त्या वेळी रेपो दर (ज्या दरानं ती बँकांना पैसे देते तो) 9 टक्क्यांवरून एप्रिल 2009 पर्यंत 4.75 वर आणला, पण वर दर उतरला म्हणजे दुसऱ्या दिवशी मच्छेत ऑर्डर आली असं होत नाही. मधले महिने कामगाराच्या घरानं स्वतःच्या पैशावर काढायचे असतात. म्हणून माझं सांगणं एकच, ओव्हरटाइम धरून कुठलाही हप्ता बसवू नका. मोटरसायकल असो, मोबाइल असो, हप्ता मूळ पगारातून भागला पाहिजे. आणि चार ते सहा महिन्यांचा घरखर्च साध्या बँकेत, लगेच काढता येईल असा ठेवा.

पीएफचं पण बरेचजण विचारतात. 2015 पासून पीएफच्या नव्या पैशातला थोडा भाग ईटीएफमार्फत (बाजाराच्या निर्देशांकाबरोबर चालणारा फंड) शेअर बाजारात जातो हे खरं आहे, पण तुमच्या खात्यावर दरवर्षी जाहीर होणारं व्याजच जमा होतं, बाजार पडला म्हणून तुमची शिल्लक खाली येत नाही. घाबरून पीएफ काढू नका. काम सुटलंच तर काय काढता येतं आणि पेन्शनच्या नोकरीच्या वर्षांवर त्याचा काय परिणाम होतो, हे पीएफ ऑफिसात विचारून मगच फॉर्म भरा.

अनगोळ: 2020 च्या शेवटी 20 लाखाचं होम लोन घेतलं, 240 हप्ते होते. चार वर्षं भरूनही स्टेटमेंटवर 240 च्या वर हप्ते शिल्लक दिसतात. बँकेनं फसवलं का?

फसवलं नाही, पण तुम्हाला नीट सांगितलंही नसणार, आणि तुम्ही पण विचारायला चार वर्षं लावलीत.

कोविडच्या वेळी रेपो 4 टक्क्यांवर होता आणि होम लोन पावणेसातला मिळत होतं. त्या दरानं 20 लाखाला 20 वर्षांचा हप्ता येतो साधारण 15,200. मे 2022 पासून रेपो चढत गेला आणि फेब्रुवारी 2023 ला 6.5 झाला, म्हणजे अडीच टक्के वाढ. ऑक्टोबर 2019 नंतरची बँकांची फ्लोटिंग (बदलत्या दराची) होम लोन बाहेरच्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपोलाच बांधलेली आहेत, त्यामुळं तुमचा दर सव्वानऊच्या घरात गेला. दोन वर्षांनी तुमचं मुद्दल 19 लाखाच्या आसपास होतं. सव्वानऊनं त्याचं महिन्याचं व्याजच होतं 14,600 च्या वर. हप्ता तोच 15,200 ठेवला तर मुद्दलात जाणार जेमतेम साडेपाचशे रुपये! मग हप्त्यांची संख्या फुगणार नाही तर काय होणार? बँकेनं हप्ता न वाढवता मुदत वाढवली, तुम्हाला वाटलं काही बदललंच नाही.

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेनं सांगून ठेवलंय की दर बदलला की कर्जदाराला कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं करायचं हे निवडायची संधी द्यायची. ते लेखी मागा. 2025 मध्ये रेपो परत उतरला, तो फायदा तुमच्या खात्याला कुठल्या तारखेला मिळाला तेही विचारा. हप्ता झेपेल तेवढा वाढवून घ्या. फ्लोटिंग दराच्या घरकर्जात वैयक्तिक कर्जदाराला आधी पैसे भरले म्हणून दंड लावता येत नाही, तेव्हा बोनस आला, रताळ्याचे-बटाट्याचे पैसे आले की त्यातला काही भाग मुद्दलात टाका. आणि नवीन ग्राहकाला तीच बँक कमी दर देत असेल तर अर्ज देऊन दर बदलून मिळतो का बघा, थोडी फी लागते. हे सगळं ब्रँच मॅनेजरसमोर बसून, स्टेटमेंट हातात घेऊन. फोनवर होत नाही.

टिळकवाडी: बाजार अजून किती पडेल?

मला माहीत नाही, आणि तुम्हाला जो छातीठोक सांगतोय त्यालाही नाही.

नंदगड: काकी म्हणतात सोन्याचा भाव एवढा कधी नव्हता, विकून टाकू. मुलगा म्हणतो गहाण ठेवून शेअर स्वस्तात घेऊ. काय करू?

मुलाचं अजिबात ऐकू नका. गहाणाच्या पैशानं शेअर घेणं म्हणजे व्याज नक्की, नफा देवाच्या भरवशावर.

सोनं का चढतं ते समजून घ्या. जगात कुठंही भीती पसरली की मोठे गुंतवणूकदार आणि देशोदेशींच्या रिझर्व्ह बँका सोनं घेतात. सोन्याचा भाव डॉलरमध्ये ठरतो आणि आपण जवळजवळ सगळं सोनं बाहेरून आणतो, त्यामुळं रुपया घसरला की आपल्याकडं भाव आणखी चढतो. 2008 मध्ये दहा ग्रॅमला बारा-तेरा हजार होता तो 2025 मध्ये लाखाच्या वर गेला. पण हेही ऐका, 2013 मध्ये असंच सगळे म्हणत होते की आता उतरत नाही, आणि त्यानंतर पाच-सहा वर्षं भाव जवळपास जागेवर घुटमळला. जास्त भावात गहाण ठेवलेल्यांची तेव्हा अडचण झाली होती, कारण भाव खाली आला की कर्ज देणारी कंपनी म्हणते फरक भरा नाहीतर लिलाव.

रिझर्व्ह बँकेच्या 2025 च्या नियमांनी अडीच लाखापर्यंतच्या सोनेतारण कर्जाला किमतीच्या 85 टक्क्यांपर्यंत रक्कम देता येते. जास्त मिळतंय म्हणून जास्त घ्यायचं नसतं, भाव थोडा घसरला तरी दागिना धोक्यात येतो. गरज पडलीच तर बँकेत जा, खडे वगळून निव्वळ वजन, कॅरट आणि दर लिहिलेली पावती घ्या आणि वर्षाचं एकूण व्याज रुपयांत लिहून मागा, महिन्याला एवढे टक्के असलं बोलणं ऐकून घेऊ नका. काकींचा दागिना काकींच्या नावाचा आहे. मुलीच्या लग्नाला दोन वर्षांत लागणार असेल तर भाव बघून विकायचा प्रश्नच येत नाही. विकायचंच असेल तर कराचं आधी सीएला विचारा.

निपाणी: मी रिटायर्ड शिक्षक. म्युच्युअल फंडात 14 लाख होते ते बाजार पडल्यावर 12 लाख झाले. जवळच्या सौहार्द सोसायटीत (कर्नाटकातली एक प्रकारची सहकारी सोसायटी) 11.5 टक्के मिळतात, ज्येष्ठांना अर्धा टक्का जास्त. मॅनेजर ओळखीचा आहे, म्हणतो 5 लाखाचा सरकारी विमा आहे, त्यामुळं तिघांच्या नावावर वाटून ठेवा. काढून तिकडं टाकू का?

सर, नका टाकू. आणि हे उत्तर मोठं होणार आहे, कारण गेल्या दहा वर्षांत आपल्या भागात बाजार पडल्यामुळं जेवढी घरं बसली नसतील तेवढी या एका गैरसमजामुळं बसलेली मी डोळ्यानं बघितलीत.

पहिली गोष्ट, 5 लाखाचा विमा. तो देते डीआयसीजीसी ही रिझर्व्ह बँकेची संस्था. 4 फेब्रुवारी 2020 पासून मर्यादा 1 लाखाची 5 लाख झाली. हा विमा बँकांना आहे, सरकारी, खासगी, ग्रामीण आणि सहकारी बँकांनाही. पतसंस्थेला नाही, सौहार्द सोसायटीला नाही, मल्टिस्टेट (एकाहून जास्त राज्यांत चालणाऱ्या) क्रेडिट सोसायटीला नाही. बोर्ड कितीही मोठा असो, काउंटरला काच असो, एसी असो, पासबुक बँकेसारखं छापलेलं असो, विमा नाही म्हणजे नाही. नावात ‘बँक’ शब्द वापरायलाही सोसायट्यांना बंदी आहे, 2020 च्या कायद्यातल्या बदलानंतर रिझर्व्ह बँकेनं नोव्हेंबर 2021 मध्ये लोकांना उघड सावध केलं होतं. तुमचा मॅनेजर विमा आहे म्हणत असेल तर त्याला एवढंच सांगा की लेटरहेडवर लिहून सही-शिक्का द्या. देणार नाही.

दुसरी गोष्ट, 12 टक्के येतात कुठनं. सोसायटी तुम्हाला 12 देणार, तर स्टाफचा पगार, भाडं, बुडीत कर्ज धरून तिला ते पैसे सोळा-सतरानं पुढं द्यावे लागतात. आता सांगा, ज्याला बँक दहा-अकरानं कर्ज देते तो माणूस सतरानं कशाला घेईल? ज्याला बँकेनं परत पाठवलंय तोच घेणार. प्लॉटिंगवाला, गुळाचा-तंबाखूचा सट्टा करणारा, आणि बऱ्याचदा संचालकांचेच पाहुणे. जमिनीचे व्यवहार जोरात असताना सगळं चालतं. मंदी आली की प्लॉट विकत नाहीत, कर्ज वसूल होत नाही. तुमची ठेव वर्षाची आणि त्यांचं कर्ज सात वर्षांचं. गावात एक बातमी फुटली की चार दिवसांत रांग लागते आणि रांगेतल्या पहिल्या पन्नासांनाच पैसे मिळतात. शेअर बाजारात तुमचे 14 चे 12 झालेले रोज दिसतात म्हणून तुम्हाला भीती वाटते. सोसायटीत आत काय झालंय ते दिसतच नाही, पासबुकावर आकडा वाढतच जातो, शटर पडेपर्यंत.

माझी मावशी निपाणीचीच. तंबाखूच्या वखारीत उभं आयुष्य काम करून साडेतीन लाख जमवले होते. मी बँकेत अधिकारी असताना तिनं ते एका सोसायटीत ठेवले, मला सांगितलं नाही, कारण तिला माहीत होतं मी नको म्हणणार. सोसायटीचं नाव इथं घेत नाही. बंद पडल्यावर तिनं वर्षभर तिथल्या माणसावर विश्वास ठेवला, तो म्हणायचा दसऱ्याला देतो, मग संक्रांतीला देतो. ते वर्ष वाया गेलं. आम्ही अर्ज करेपर्यंत मालमत्तेवर आधीच दुसऱ्यांचे दावे लागले होते. तिला शेवटपर्यंत सत्तर हजार मिळाले. मी अजून स्वतःला विचारतो की दर दिवाळीला जात होतो, एकदा पासबुक बघितलं असतं तर.

तिसरी गोष्ट, ही आपल्या सीमाभागाची वेगळी अडचण आणि ही कुणी सांगत नाही. आपण राहतो कर्नाटकात, सोयरीक कोल्हापूर-चंदगडला, बाजारहाट दोन्हीकडं, त्यामुळं ठेवी पण दोन्हीकडं. पैसे अडकले की तक्रार कुठं करायची हेच कळत नाही आणि तिथंच सहा महिने जातात. पावतीवर नोंदणी कुठल्या कायद्याची आहे ते बघा. कर्नाटकाच्या 1959 च्या सहकार कायद्याखालची असेल तर बेळगावचं सहकार खात्याचं उपनिबंधक कार्यालय. सौहार्द असेल तर कायदा 1997 चा, वेगळा. महाराष्ट्रात नोंदलेली असेल तर त्या जिल्ह्याचे उपनिबंधक, बेळगावात तक्रार देऊन उपयोग नाही. मल्टिस्टेट असेल तर ती 2002 च्या केंद्राच्या कायद्याखाली येते, तिचे निबंधक दिल्लीत, आणि 2023 च्या दुरुस्तीनंतर ठेवीदारांसाठी सहकार लोकपालाची सोय झालीय. फसवणूक दिसत असेल तर ठेवीदार संरक्षणाचा कायदा, कर्नाटकाचा 2004 चा आणि महाराष्ट्राचा 1999 चा, दोन्ही वेगळे. कुठला लागू होतो ते वकिलाला विचारा, आणि पहिल्याच न वटलेल्या चेकला किंवा पहिल्याच ‘पुढच्या सोमवारी या’ला विचारा. थांबू नका.

सगळ्याच सोसायट्या वाईट आहेत असं मी म्हणत नाही. चोख चाललेल्या मला माहीत आहेत, गावच्या माणसाला दुसरं कोण पन्नास हजार उभे करतं? गरजेपुरतं खातं ठेवा, वार्षिक अहवाल मागा, ऑडिटचा वर्ग बघा, थकीत कर्ज किती ते बघा. पण निवृत्तीचं सगळं धन तिथं नको. तुमच्या वयाला पोस्टाची सीनियर सिटिझन स्कीम आहे, 30 लाखापर्यंत ठेवता येतात, सरकारची हमी आहे. बँकेत ठेवलेत तर एका माणसाचे एका बँकेत सगळ्या शाखा मिळून, मुद्दल आणि व्याज धरून 5 लाखाच्या आत ठेवा. बँकेवर निर्बंध आले तर विम्याचे पैसे 90 दिवसांत द्यायची तरतूद 2021 ला झालीय. आणि फंडातले 12 लाख काढायचे की नाही, ते पैसे कधी लागणार यावर आहे. पाच-सात वर्षं लागणार नसतील तर काढायची घाई कशाला? लागणार असतील तर मुळात तेवढे शेअरच्या फंडात का होते, हे ज्यानं विकलं त्याला विचारा. तो कमिशनवर आहे का फीवर, हे पण विचारा. मग फी घेणाऱ्या नोंदणीकृत सल्लागाराकडं कागद घेऊन बसा.

चिकोडी: मुलगा इंजिनिअर होऊन घरी बसलाय, मोबाइलवर ऑप्शन (शेअरचा भाव पुढं चढेल की उतरेल यावर पैसे लावायचे सौदे) करतो. म्हणतो बाजार पडला तरी यात पैसे मिळतात. एका ग्रुपवर सर रोज टिप देतात. आतापर्यंत 80 हजार गेलेत म्हणतो, मला वाटतं जास्त गेलेत.

आक्का, तुम्हाला वाटतंय ते बहुतेक बरोबर आहे. सेबीनं सप्टेंबर 2024 मध्ये आकडे दिले, तीन वर्षांत फ्युचर-ऑप्शन करणाऱ्या 1 कोटीच्या वर साध्या लोकांपैकी शंभरात 93 तोट्यात गेले, सरासरी तोटा माणशी 2 लाखाच्या आसपास. पडत्या बाजारात पैसे मिळतात हे खरं आहे, पण ते समोरच्या मोठ्या कंपन्यांना मिळतात, त्यांच्याकडं कॉम्प्युटर आहेत आणि तुमच्या मुलाकडं मोबाइल. ग्रुपवरच्या सरांचा सेबी नोंदणी क्रमांक मागा आणि सेबीच्या वेबसाइटवर स्वतः तपासा. क्रमांक नसेल तर तो सर कसला? वेगळंच कुठलं तरी ॲप घ्यायला लावून त्यात नफा दाखवत असतील आणि काढायला गेल्यावर आधी टॅक्स भरा म्हणत असतील तर ती सरळ चोरी आहे, त्याच तासाला 1930 ला (सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा नंबर) फोन करा, उशीर केलात तर पैसे पुढच्या खात्यात गेलेले असतात. मुलाला रागावू नका. कर्ज काढून खेळतोय का तेवढं शांतपणे विचारा, ॲपवरची कर्जं पोरं लपवतात. आणि झोप लागत नसेल, चिडत असेल तर डॉक्टरला दाखवा, यात लाजण्यासारखं काही नाही.

कॅम्प: एसआयपी (दर महिन्याला म्युच्युअल फंडात ठरलेली रक्कम भरतो ती) थांबवू का?

पगार चालू असेल आणि ते पैसे सात-आठ वर्षं लागणार नसतील तर नका थांबवू.

येळ्ळूर: आम्ही बायकांनी संघातून (बचत गटातून) तीन कंपन्यांचं कर्ज घेतलंय. भात पाण्यात गेलं, हप्ता चुकला. वसुलीवाला रात्री आठला दारात बसतो. एक कंपनी आता नवीन कर्ज द्यायचं बंद झालंय म्हणते.

नवीन कर्ज बंद होण्याचं कारण पण बाजारातच आहे. या कंपन्या स्वतः बँकांकडून आणि बाजारातून पैसे उचलतात, तिकडं भीती पसरली की त्यांचा नळ बंद होतो, आणि एकाचं कर्ज काढून दुसऱ्याचं फेडायची सवय लागलेल्या घरांचं त्याच आठवड्यात अडतं. म्हणून तिसरं कर्ज घेऊन पहिलं फेडू नका, हे मी दरवेळी सांगतो.

वसुलीवाल्याला सकाळी 9 च्या आधी आणि संध्याकाळी 6 नंतर यायचा अधिकार नाही, रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. घरातली सगळी कर्जं मिळून महिन्याचे हप्ते उत्पन्नाच्या निम्म्याच्या वर जायला नकोत, हे बघायची जबाबदारी कंपनीची होती. फेब्रुवारी 2025 मध्ये कर्नाटक सरकारनं जबरदस्तीच्या वसुलीविरुद्ध वटहुकूम काढला, पुढं त्याचा कायदा झाला, त्यात कडक शिक्षा आहे. त्यानं कर्ज माफ होतं असं कुणी सांगत फिरत असेल तर विश्वास ठेवू नका, नोंदणीकृत कंपनीचं कर्ज फेडायचंच आहे. तिन्ही कंपन्यांना हप्ता लांबवून देण्याचा लेखी अर्ज द्या, पोच घ्या. रात्री परत आला तर पोलिसात तक्रार द्या, पाचजणी मिळून जा, एकटीनं जाऊ नका.

शहापूर: मागावरच्या विणकामाचे पैसे एफडीत ठेवायला बँकेत गेलो, ‘एफडीपेक्षा चांगलं’ म्हणून सह्या घेतल्या. घरी पोरीनं वाचलं तर दरवर्षी 50 हजार दहा वर्षं भरायची इन्शुरन्स पॉलिसी निघाली.

हे ऐकून मला संताप येतो, कारण टार्गेटसाठी आमच्याच धंद्यातली माणसं हे करतात. पॉलिसी हातात आल्यापासून 30 दिवसांत परत करता येते, त्याला फ्री लूक म्हणतात. आजच लेखी अर्ज द्या, बँकेत पण आणि विमा कंपनीला ईमेलनं पण, बँकेतला माणूस ‘बघतो’ म्हणाला म्हणून थांबलात तर दिवस जातात. 30 दिवस उलटले असतील तर चुकीची विक्री म्हणून तक्रार, मग विमा लोकपाल. आणि आपल्याकडं कागद इंग्रजीत नाहीतर कन्नडमध्ये असतात, मराठी शाळेत शिकलेला माणूस लाजेनं विचारत नाही आणि पेन्सिलीच्या खुणेवर सही करतो. लाजू नका. घरी नेऊन वाचून आणतो म्हणा. नेऊ देत नसतील तर सही करू नका.

संकेश्वर: वडील वारले. पत्र्याच्या पेटीत 1990 च्या आसपासची शेअर सर्टिफिकेटं आणि दोन एफडी पावत्या मिळाल्या. बाजार पडलाय तर आता काही किंमत असेल का?

असू शकते, आणि बरीच असू शकते, आजच्या पडझडीनं फार फरक पडणार नाही. सात वर्षं डिव्हिडंड घेतला नसेल तर शेअर सरकारच्या आयईपीएफ (कुणी न मागितलेले शेअर आणि डिव्हिडंड जिथं जमा होतात तो निधी) खात्यात गेलेले असतील, तिथून वारसाला परत मागता येतात. एफडी दहा वर्षं पडून असेल तर पैसे रिझर्व्ह बँकेच्या निधीत जातात, तेही बँकेतूनच परत मिळतात, शोधायला ‘उद्गम’ नावाचं पोर्टल आहे. वारस दाखला लागेल की नुसत्या नॉमिनेशनवर भागेल हे रकमेवर आहे, वकिलाला विचारा. ‘निम्मे द्या, मी काढून देतो’ म्हणणारे एजंट येतील, कोऱ्या कागदावर सही देऊ नका. आईच्या खात्याला नॉमिनी आहे का ते याच आठवड्यात बघून घ्या. आणि ती सर्टिफिकेटं टिकावी म्हणून लॅमिनेट करू नका, मागच्या महिन्यात एकजण करून घेऊन आला, आता त्याला डुप्लिकेटसाठी अर्ज करावा लागतोय.